गाडीचा फ्यूज उडाला? शोधायचा कसा, बदलायचा कसा, आणि परत उडाला तर काय

"ओ ताई, मागची लाईट बंद आहे तुमची! काहीच दिसत नाही मागून!"

भाऊबीज उरकून मी आणि आई पारनेरहून पुण्याला निघालो होतो. सुप्याच्या रस्त्याला लागून दहा-पंधरा मिनिटं झाली असतील. एक बाईकवाला शेजारी आला, एवढं ओरडून सांगितलं आणि पुढे निघून गेला. मला पटेचना. समोर हेडलाईट मस्त चालू होते. पण मग लक्षात आलं की मघापासून मीटरच्या मागचा उजेड गेलाय आणि एसीच्या बटणांवरचाही. मला वाटलं होतं चुकून माझाच हात लागून ब्राईटनेस कमी झाला असेल.

एका बंद टपरीसमोर गाडी घेतली, खाली उतरून मागे गेले. दोन्ही टेल लाईट बंद, नंबर प्लेटवरचा दिवा बंद. गळीत हंगामात या रस्त्यांवर ज्यांनी रात्री गाडी चालवलीय त्यांना ऊसाच्या ट्रॉलीची भीती माहीत असेल. मागे दिवा नाही, रिफ्लेक्टर नाही, एकदम समोर काळी भिंत उभी राहते. त्या क्षणी आमची गाडीपण तशीच ट्रॉली झाली होती आणि आत आई बसलेली होती.

त्या रात्री मी एक चूक केली. ती सांगतेच, पण आधी फ्यूज म्हणजे काय ते नीट समजून घेऊ. ते कळल्याशिवाय चूक किती मोठी होती हे लक्षात येणार नाही.

फ्यूज नक्की कोणाला वाचवतो?

गावाकडे ज्यांचं घर आहे त्यांना फ्यूज नवा नाही. मीटरच्या बोर्डावर चिनी मातीचा किटकॅट असतो, त्यात बारीक तार असते. लोड जास्त झाला की ती तार वितळते आणि घरात अंधार होतो. गाडीतला फ्यूज हेच काम करतो, फक्त तार उघडी नसते. प्लास्टिकच्या छोट्या रंगीत तुकड्यात धातूची पातळ पट्टी असते आणि खाली दोन पाती असतात. हा पात्यांचा फ्यूज लिटलफ्यूज या अमेरिकन कंपनीने १९७६ मध्ये आणला. त्याआधी गाड्यांमध्ये काचेच्या नळीचे फ्यूज जास्त दिसायचे.

आपल्यापैकी बहुतेकांना वाटतं की फ्यूज हा बल्बला, स्टिरिओला किंवा चार्जरला वाचवायला असतो. मलापण वाटायचं, आणि मी इंजिनीअरिंग केलंय. खरं म्हणजे फ्यूज मुख्यतः वायरला वाचवतो. गाडीच्या डॅशबोर्डच्या मागे, कार्पेटखाली, दारांच्या आत वायरींचं जाळं असतं. कुठे एखादी वायर सोलली आणि गाडीच्या पत्र्याला लागली, की बॅटरी शक्य तेवढा करंट त्यात ओतते. गाडी स्टार्ट करताना हीच बॅटरी शंभरपेक्षा जास्त अँपिअर सहज देते, तेव्हा तिच्या ताकदीचा अंदाज येईल. वाटेत फ्यूज नसेल तर ती बारीक वायर हीटरच्या कॉईलसारखी तापते. तिच्यावरचं प्लास्टिक वितळतं, शेजारच्या वायरी वितळतात आणि आग लागते.

म्हणून फ्यूजवरचा आकडा वायरच्या जाडीनुसार ठरवलेला असतो. दहा अँपिअरचा फ्यूज याचा अर्थ त्यापुढची वायर सतत दहा अँपिअर सोसू शकते, त्याहून जास्त सोसेल याची खात्री नाही. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

सकाळचा किस्सा: चार्जर मेला

त्याच दिवशी सकाळी मी आयुष्यातला पहिला फ्यूज बदलला होता आणि सगळ्या घराला सांगत फिरत होते. झालं असं, की पुण्याला निघायचं म्हणून टायरमध्ये हवा भरत होते. माझ्याकडे १२ व्होल्टच्या सॉकेटला लावायचा छोटा पंप आहे. सॉकेट एकच, म्हणून मी त्यात दोन तोंडांचा स्प्लिटर लावलाय. एकात पंप, दुसऱ्यात फास्ट चार्जर आणि चार्जरवर फोन आणि लॅपटॉप दोन्ही. तिसऱ्या टायरला पंप गपकन बंद पडला. चार्जरचा निळा दिवापण गेला.

हिशोब अगदी सोपा आहे, वॅट भागिले व्होल्ट म्हणजे अँपिअर. पंपाच्या खोक्यावर १८० वॅट लिहिलंय. १८० भागिले १२, म्हणजे १५ अँपिअर. चार्जर ६० वॅटचा, म्हणजे ५ अँपिअर. एकूण २०. आणि माझ्या गाडीत त्या सॉकेटला फ्यूज होता १५ चा. तो दोन टायर होईपर्यंत टिकला हेच विशेष. (का टिकला तेही पुढे येईल.) तुमच्या गाडीत चार्जिंग अचानक बंद पडलं तर केबल बदलण्याआधी आणि नवा चार्जर मागवण्याआधी हा फ्यूज बघा. कधी कधी सॉकेटमध्ये एक रुपयाचं नाणं किंवा पिन पडलेली असते, तिच्यानेही तो उडतो. टॉर्च मारून आत बघून घ्या, आणि पडलेलं काढताना गाडी बंद ठेवा.

फ्यूजचा डबा कुठे असतो?

बहुतेक गाड्यांत दोन डबे असतात. एक आत, ड्रायव्हरच्या बाजूला डॅशबोर्डच्या खाली, साधारण गुडघ्याच्या वरच्या अंगाला. आपल्याकडे उजव्या हाताचं ड्रायव्हिंग, म्हणून बऱ्याचदा स्टिअरिंगच्या उजवीकडे खाली एक छोटं झाकण दिसतं. काही गाड्यांत तो ग्लोव्ह बॉक्सच्या मागे असतो. दुसरा डबा बॉनेटखाली, बॅटरीच्या जवळ, काळ्या झाकणाचा. आतल्या डब्यात साधारणपणे स्टिरिओ, सॉकेट, वायपर, आतला दिवा अशी रोजची कामं असतात आणि बॉनेटखाली जास्त करंटची, म्हणजे रेडिएटरचा फॅन, हेडलाईट, एबीएस वगैरे. पण हे कंपनीप्रमाणे आणि मॉडेलप्रमाणे बदलतं. माझ्याच गाडीच्या आधीच्या आणि नंतरच्या मॉडेलमध्ये जागा वेगळी आहे. त्यामुळे यूट्यूबवरच्या व्हिडिओत दाखवलेला तिसऱ्या रांगेतला दुसरा फ्यूज तुमच्या गाडीत भलताच असू शकतो.

खात्रीची जागा म्हणजे झाकणाची आतली बाजू आणि गाडीसोबत आलेलं मॅन्युअल. झाकणावर नकाशा छापलेला असतो. सेकंडहँड गाडीत मॅन्युअल बहुतेक वेळा गायब असतं (माझ्यात होतं), पण बऱ्याच कंपन्या वेबसाईटवर पीडीएफ देतात. ती आत्ताच डाउनलोड करून ठेवा. मधल्या रस्त्यावर रेंज नसताना पीडीएफ शोधण्यात काय मजा आहे ते मी अनुभवलंय.

नकाशावर इंग्रजी लघुरूपं असतात. टेल म्हणजे मागचे आणि पार्किंगचे दिवे. स्टॉप म्हणजे ब्रेक लाईट, ते टेलपेक्षा वेगळे. डोम म्हणजे छतातला दिवा. सॉकेटसाठी सिगार किंवा एसीसी असं काहीतरी दिसेल, कारण ती जागा मुळात सिगारेट पेटवायला होती. आणि हा नकाशा अंधारात, वाकून वाचायचा नसतो. झाकणाचा फोटो काढा, झूम करा. डब्याचा पण एक फोटो काढा, काही उपसण्याच्या आधी. कुठला फ्यूज कुठून काढला याचा पुरावा राहतो.

उडालेला फ्यूज ओळखायचा कसा?

आधी विचार करा, मग हात लावा. दोनपैकी एकच ब्रेक लाईट बंद असेल तर बहुतेक बल्ब गेलाय. दोन्ही एकदम गेले, किंवा एकमेकांशी संबंध नसलेल्या गोष्टी एकदम गेल्या (माझ्याकडे टेल लाईट, नंबर प्लेट आणि मीटरचा उजेड), तर फ्यूजवर संशय घ्यायचा. कारण त्या सगळ्या एकाच फ्यूजवरून निघालेल्या असतात.

मग गाडी बंद, चावी बाहेर, दिव्यांचा स्विच बंद. नकाशावरून नेमका फ्यूज शोधा. डब्यातच बहुतेक वेळा प्लास्टिकचा छोटा चिमटा असतो, पांढरा किंवा पिवळा. त्याने फ्यूज सरळ वर ओढायचा. चिमटा नसेल तर बोटांनी, हळूहळू हलवत. पक्कड किंवा स्क्रू ड्रायव्हर घालू नका, विशेषतः बॉनेटखाली. तिथे बॅटरीचं टर्मिनल वीतभर अंतरावर असतं आणि लोखंडी हत्यार दोन ठिकाणी टेकलं की ठिणगी पडते.

काढलेला फ्यूज फोनच्या टॉर्चसमोर धरा. आत इंग्रजी यू अक्षरासारखी पट्टी दिसते. ती अखंड असेल तर फ्यूज ठीक. मधे तुटलेली असेल, प्लास्टिक काळवंडलं असेल, तर उडाला. तुटलेली जागा कधी कधी केसाएवढी असते, डोळ्याला दिसत नाही. फोनचा कॅमेरा मॅक्रोवर टाकून बघा, स्पष्ट दिसतं.

तरी शंका असेल तर मल्टिमीटर. साधा मल्टिमीटर दोन-तीनशे रुपयांत येतो आणि घरातही शंभर कामाला येतो. बीपच्या सेटिंगवर ठेवून दोन पात्यांना दोन टोकं लावा, आवाज आला की फ्यूज चांगला. फ्यूज न काढताही बघता येतं. त्याच्या डोक्यावर दोन बारीक उघडे ठिपके असतात ना, ते यासाठीच असतात. ज्या गोष्टीचा फ्यूज आहे ती चालू करा, मीटर डीसी व्होल्टवर ठेवा, काळं टोक गाडीच्या उघड्या धातूला आणि लाल टोक एकेका ठिपक्याला लावा. दोन्हीकडे १२ च्या आसपास दाखवलं तर फ्यूज शाबूत आहे. एकीकडे १२ आणि दुसरीकडे शून्य आलं तर उडालाय. दोन्हीकडे शून्य म्हणजे करंट फ्यूजपर्यंतच पोचत नाहीये, बहुतेक चावी चालू करायची राहिली. गॅरेजमधले वायरमन मीटरऐवजी टेस्ट लॅम्प वापरतात, तत्त्व तेच.

संशय आला म्हणून सगळे फ्यूज एकदम उपसू नका. एक काढा, बघा, परत लावा, मग दुसरा. आणि फ्यूज चांगला निघाला तर प्रश्न बल्ब, रिले, स्विच किंवा अर्थिंगचा आहे. तिथे नवा फ्यूज घालून काही होणार नाही.

रंग म्हणजेच आकडा

फ्यूजच्या डोक्यावर अँपिअरचा आकडा असतो आणि रंगही ठरलेला असतो. ५ बदामी, साडेसात तपकिरी, १० लाल, १५ निळा, २० पिवळा, २५ पांढरा किंवा पारदर्शक, ३० हिरवा, ४० नारिंगी. कंपनी कुठलीही असो, रंग हेच. आकार मात्र वेगवेगळे येतात. साधा फ्यूज सुमारे १९ मिलीमीटर रुंद असतो, मिनी सुमारे ११. हल्लीच्या अनेक गाड्यांत मिनीचाही बुटका भाऊ असतो, लो प्रोफाईल मिनी. म्हणून दुकानात जाताना उडालेला फ्यूज बरोबर न्या. एका फ्यूजला पाच-दहा रुपये पडतात. ऑनलाईन शंभर-सव्वाशे फ्यूजचे बिननावाचे डबे अगदी स्वस्त मिळतात, ते मी घेत नाही. दहा लिहिलेला फ्यूज दहाचाच आहे याची खात्री तिथे कोण देणार?

नवा फ्यूज त्याच आकड्याचा आणि त्याच आकाराचा. अंगठ्याने पूर्ण आत दाबा. सैल बसला तर तिथेच तापतो.

जवळ स्पेअर नसेल तर एक चांगला जुगाड आहे. त्याच आकड्याचा आणि आकाराचा फ्यूज कमी गरजेच्या जागेवरून उसना घ्यायचा. स्टिरिओचा काढून टेलला, घरी पोचेपर्यंत. गाणी नसली तर चालतं, मागचा लाल दिवा नसेल तर चालत नाही.

नानांचा किटकॅट आणि माझा पिवळा फ्यूज

सॉकेटचा फ्यूज बदलला तेव्हा चुलते, म्हणजे आमचे नाना, बाजूला उभे राहून बघत होते. म्हणाले, "एवढासा व्हय? आमच्या मोटारीचा उडायला लागला की मी जाड तार टाकतो. परत त्रास नाही." विहिरीवरच्या मोटारीच्या बोर्डात त्यांनी किटकॅटला खरंच तांब्याच्या वायरचे पाच-सहा पदर पिळून घातलेत. फ्यूज उडतो कारण तार बारीक आहे, जाड घातली की झालं. मी त्यांना चांगलं दहा मिनिटं लेक्चर दिलं. असं केलं तर मोटार जळेल, वायर जळेल, फ्यूजचा अर्थच राहत नाही, वगैरे. नाना हसले. "बरं बाई, इंजिनीअर तू."

आता परत रात्रीच्या टपरीसमोर या. मी रुबाबात झाकण उघडलं, टेलचा लाल दहाचा फ्यूज काढला. पट्टी तुटलेली. डब्यात स्पेअर दहाचा होता, तो लावला, स्विच फिरवला. टिक असा बारीक आवाज आला आणि तोही गेला. लागला तसा गेला.

इथे मी थांबायला हवं होतं. स्टिरिओचा दहाचा उसना घ्यायचंही मला सुचलं नाही, आणि सुचलं असतं तरी तोही तसाच गेला असता. स्पेअरमध्ये पिवळा वीसचा दिसत होता. आई आत बसलेली, अंधार, मागून येणारी प्रत्येक गाडी जवळून सूं करून जात होती. मनात आलं, सुप्यापर्यंत तर जाऊ, तिथे कोणीतरी वायरमन भेटेल. मी वीसचा लावला. दिवे लागले! मी मागे जाऊन बघणार एवढ्यात आई म्हणाली, "अगं, कसला वास येतोय बघ."

प्लास्टिक जळल्याचा वास होता. स्टिरिओच्या फटीतून धुराची एक बारीक रेघ. मी स्विच बंद केला आणि फ्यूज उपसून काढला. सगळं मिळून चार-पाच सेकंद झाले असतील. आईला खाली उतरवलं, दहा मिनिटं आम्ही दोघी गाडीपासून लांब उभ्या राहिलो. नशिबाने त्यापुढे काही झालं नाही.

त्या चार-पाच सेकंदांत काय झालं?

फ्यूज म्हणजे लिहिलेल्या आकड्याला खटकन बंद पडणारा स्विच नाही. त्याला वेळ लागतो आणि हा वेळ करंटवर अवलंबून असतो. या फ्यूजच्या ठरलेल्या मानकाप्रमाणे, आकड्याच्या १३५ टक्के करंटला तो दहा मिनिटांपर्यंत टिकू शकतो. दुप्पट करंटला पाच सेकंदांच्या आत जायला हवा, साडेतीनपटीला अर्ध्या सेकंदात. सकाळी १५ च्या फ्यूजमधून २० अँपिअर जात होते, म्हणजे १३३ टक्के. म्हणून तो दोन टायर होईपर्यंत टिकला.

आता रात्रीचं बघा. आकडा मोजलेला नाही, पण समजा वायर कुठेतरी पत्र्याला घासून ३० अँपिअर जात होते. दहाच्या फ्यूजला ते तिप्पट, तो क्षणात गेला. त्याने त्याचं काम केलं. वीसच्या फ्यूजला तेच ३० म्हणजे दीडपट, तो निवांत तग धरू शकतो. आणि तेवढा वेळ वायर तापत राहते. वायरमधली उष्णता करंटच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. टेल लाईट, नंबर प्लेट आणि मीटरचा उजेड असे सगळे बल्ब धरून नेहमी त्या वायरमधून समजा तीनएक अँपिअर जातात. तीसचे ३० झाले, म्हणजे, चुकले, तीनाचे ३० झाले, म्हणजे दहापट. उष्णता शंभरपट. हे गणित मला फर्स्ट इयरपासून येत होतं.

नानांच्या पाच पदरी तारेत आणि माझ्या पिवळ्या फ्यूजमध्ये काही फरक नव्हता. सिगारेटच्या पाकिटातली चांदी गुंडाळणं, फ्यूजच्या जागी वायरचा तुकडा घालणं, सगळं त्यातलंच.

चुलतभावाला फोन केला, तो पिकअप घेऊन आला. टेलची जागा रिकामी ठेवून मी हळूहळू चालवलं आणि तो आमच्या मागे, त्याचे दिवे लावून, पारनेरपर्यंत आला. मागचा लाल दिवा ही साधी गोष्ट नाही. केंद्रीय मोटार वाहन नियमांत तो १५५ मीटरवरून दिसायला हवा असं आहे. ताशी ८० च्या वेगाने येणाऱ्याला तेवढ्यात सातएक सेकंद मिळतात. दिवाच नसेल तर त्याच्या हेडलाईटच्या टप्प्यात आपण येऊ तेव्हा जे काय उरेल ते.

दुसऱ्या दिवशी वायरमनकडे

पारनेरच्या वायरमन मामांनी सगळं ऐकून घेतलं (उत्तरं मात्र माझ्या भावाकडे बघून देत होते, ते असो) आणि एकच प्रश्न विचारला. "स्टिरिओ कंपनीचा आहे का बाहेरून टाकलाय?"

बाहेरून टाकला होता. मोठ्या स्क्रीनचा अँड्रॉइड स्टिरिओ, गाडी घेतल्यावर दुसऱ्याच महिन्यात एका दुकानातून बसवून घेतलेला. दिवे लावले की स्क्रीन आपोआप मंद व्हावा म्हणून बसवणाऱ्याने टेलच्या लाईनमधून एक वायर काढली होती. वायर सोलून, पिळून, वर काळी टेप. दोन उन्हाळ्यांत टेपचा गोंद सुटला आणि उघडा जोड स्टिरिओच्या लोखंडी पट्टीला घासत होता. खड्ड्यात गाडी आदळली की टेकायचा. मामांनी दाखवलं तेव्हा ती वायर वीतभर काळी पडली होती आणि तिच्याशेजारच्या दोन वायरींचं प्लास्टिक मऊ होऊन चिकटलं होतं.

बाहेरून बसवलेल्या वस्तूंचा हा प्रश्न जुना आहे. टाटा नॅनोच्या काही गाड्यांना आगी लागल्याच्या बातम्या आठवत असतील. २०१० मध्ये कंपनीने चौकशीनंतर सांगितलं की डिझाईनमध्ये दोष नाही, त्या घटनांमागे बाहेरून बसवलेली विजेची उपकरणं किंवा एक्झॉस्टवर राहिलेल्या वस्तू होत्या. तरी नोव्हेंबर २०१० मध्ये त्यांनी एक्झॉस्ट आणि इलेक्ट्रिकल सिस्टीमला जादा संरक्षण फुकट बसवून द्यायची तयारी दाखवली. जोड देणारा माणूस कुठेही बसलेला असो, टेप सुटली की वायर उघडी पडतेच.

मामांनी जळालेला भाग कापला, त्याच जाडीची नवी वायर टाकली, जोडावर तापवून घट्ट बसणारी नळी चढवली आणि स्टिरिओच्या त्या वायरला स्वतंत्र पाच अँपिअरचा फ्यूज दिला. तीनशे रुपये घेतले. फॉग लॅम्प, डॅशकॅम, एलईडी पट्ट्या, काहीही बसवून घेताना हाच एक प्रश्न दुकानदाराला विचारा: लाईन कुठून घेतली आणि तिला वेगळा फ्यूज दिला का? शक्य असेल तर जोड टेपने झाकण्याआधी तुमच्या फोनमध्ये फोटो काढून घ्या.

कुठे हात लावायचा नाही

एअरबॅगचा फ्यूज स्वतः काढू नका. एबीएसचा उडाला असेल तर गॅरेज. बॉनेटखाली नटबोल्टने बसवलेले मोठे फ्यूज असतात, ६०, ८०, १०० अँपिअरचे, तेही आपलं काम नाही. इलेक्ट्रिक गाडीत दिवे-वायपरचे १२ व्होल्टचे फ्यूज असेच असतात, पण नारिंगी रंगाच्या जाड केबल दिसल्या की तिथून मागे फिरायचं. त्यात शेकडो व्होल्ट असतात.

आणि नवा फ्यूज लावल्यावर लगेच किंवा एक-दोन दिवसांत परत उडाला, तर तिसरा लावू नका. त्या लाईनमध्ये काहीतरी चुकीचं आहे आणि ते शोधायला मीटर घेऊन बसणारा माणूस लागतो. आम्ही सॉफ्टवेअरवाले एरर आली की परत रन करून बघतो, ती सवय इथे उपयोगाची नाही.

माझ्या ग्लोव्ह बॉक्समध्ये आता माझ्या गाडीला लागणाऱ्या प्रत्येक आकड्याचे दोन-दोन फ्यूज आहेत, चिमटा आहे, छोटा मल्टिमीटर आहे आणि सीटच्या खिशात रिफ्लेक्टरचा त्रिकोण. स्प्लिटर काढून टाकलाय. हवा भरताना फक्त पंप लावते, एका वेळी एक टायर, मधे थोडं थांबून.

मागचे दिवे एकट्याने तपासायचे असतील तर अंधार पडल्यावर गाडी भिंतीकडे पाठ करून लावा आणि आरशात बघा. दिव्यांचा स्विच फिरवला की भिंतीवर दोन्हीकडे लाल उजेड पडला पाहिजे, ब्रेक दाबला की तो वाढला पाहिजे. भिंत नसेल तर फोन मागे विटेला टेकवून व्हिडिओ लावा, पुढे येऊन सगळे दिवे एकेक करून चालू-बंद करा आणि मग व्हिडिओ बघा. दोन मिनिटं लागतात. मी हे आता प्रत्येक वेळी गावाहून निघताना करते. नाना ओट्यावर बसून विचारतात, "काय शूटिंग चाललंय?"